आधी पाणी, मग दार

उत्तमराव खिल्लारे कोणाच्याही घरी गेले, की चपला काढायच्या आधी दार लावून घेत. मे महिना असो, लग्नघर असो, नाहीतर मयतीला जमलेली माणसं असोत. आपण 'या मामा, बसा' म्हणेपर्यंत त्यांनी आपल्याच घराचं दार लोटून कडी ओढून पाहिलेली असे. मग ते वाकून स्वयंपाकघराकडे बघत. तिकडचंही दार उघडं दिसलं, की मान हलवत खुर्चीत बसत आणि फार मायेने म्हणत, "घर लय मस्त हाय. मस्त जळन."

हे वाक्य मी पहिल्यांदा ऐकलं ते माझ्या वास्तुशांतीच्या दिवशी. वाशीमला मी जिल्हा परिषदेत कारकून, त्यामुळे गल्लीत माझं नाव 'बाबूसायेब' पडलेलं. शेजारचं घर खिल्लारे मामांचं. ते कोणाचे मामा होते हे कोणालाच ठाऊक नव्हतं, पण सगळी गल्ली त्यांना मामाच म्हणायची. आमच्या मिस्त्रीने पुढच्या दारासमोर बरोबर मागचं दार काढून दिलं होतं आणि वर बढाई मारली होती, की पुढून लिंबू फेका, मागच्या अंगणात सापडेल. पाहुण्यांमध्ये त्याच दारांचं कौतुक चाललं होतं. होम पेटला होता. तेवढ्यात मामांनी देवापुढची एक पेटती उदबत्ती उचलली आणि ती हातात धरून ते घरभर फिरू लागले. बायकांना वाटलं, हाही काही विधी असेल. दोघीतिघींनी हात जोडले.

उदबत्तीचा धूर मागच्या दाराकडे सरळ रेघेत पळत होता.

"पाहा बाबूसायेब," मामा म्हणाले, "हा रस्ता हाय. हवा ज्या रस्त्यानं जाते, त्याच रस्त्यानं आग जाते. तुमी तर तिले सडक बांधून देली. डांबरी!"

एवढं बोलून त्यांनी दोन्ही दारं लावून टाकली. आत होम, पन्नासेक माणसं आणि ओलसर समिधा. गुरुजींना असा ठसका लागला, की ते कुठपर्यंत आले होते हेच विसरले आणि सगळं पहिल्यापासून सुरू झालं. पंगत उठायला संध्याकाळ झाली. माझ्या बायकोने मामांना त्या दिवसापासून 'ते' म्हणायला सुरुवात केली. नाव तोंडात घ्यायची नाही.

मामा नगर परिषदेच्या बंबावर फायरमन होते. अंगाने काटकुळे, गालात कायम तंबाखू-सुपारीचा खर्रा, मिशीचं एक टोक जळून आखूड झालेलं आणि एक भुवई जवळजवळ नाहीच. त्यामुळे ते साधं 'चहा घेता का?' म्हणाले तरी समोरच्यावर संशय घेतल्यासारखे दिसत. नोकरीचा त्यांना भारी अभिमान होता आणि नोकरीत जे करावं लागे त्याचा तितकाच संताप. कारण बंब आगीवर क्वचितच जायचा. कोणी मोठा माणूस येणार असला की रस्त्यावरची धूळ बसवायला जायचा, सामूहिक विवाहाला पाणी पोचवायला जायचा, विहिरीत पडलेला गोऱ्हा काढायला जायचा. "म्या काय माळी हावो का?" असं मामा दुभाजकावरच्या झाडांना पाणी घालताना येणाऱ्याजाणाऱ्याला विचारत.

अशात त्यांना एकदा नागपूरला प्रशिक्षणाला पाठवलं. तिथे कोण्या साहेबाने पत्र्याच्या छोट्याशा घरात आग लावून दाखवली. दार उघडलं की आग काय करते, बंद केलं की काय करते, हे समोर दाखवलं. माणसं काशीला जाऊन येतात तसे मामा नागपूरहून आले. बोलणं बदललं, चाल बदलली. आल्या आल्या त्यांनी गोड्या तेलाचा एक डबा घेतला, त्याला छिन्नीने दोन झडपा पाडल्या आणि ते घर बगलेत मारून ते जिल्हाभर हिंडू लागले. गणपती असो, जयंती असो, शाळेचं संमेलन असो, मामा न बोलावता हजर.

खेळ साधा होता. डब्यात लाकडाच्या चिपा पेटवायच्या. चांगल्या भडकल्या की झडपा बंद. आतली हवा संपली की ज्वाळ बसते, फटीतून नुसता पिवळट धूर दमा लागल्यासारखा आतबाहेर होतो. इथे मामा लोकांना विचारत, "इझली का?"

लोक म्हणत, "इझली."

"इझली नाही बापा! उपाशी हाय. धूर म्हंजे आगीनं ताटात टाकलेलं अन्नच हाय, फक्त हवेची वाट पाहून राह्यली. आता तुमी दार उघडलं, का ते बसते जेवाले." आणि ते झडप उघडत. भस्सकन ज्वाळ बाहेर येई. "आग आन जावई सारखेच. दार उघडं दिसलं का दोघायले बी जोर येते. म्हनून आधी पाणी, मंग दार. पाणी हाती नसन, तर दार लोटा आन बाहीर उभे राहा."

मेडशी हे त्यांचं गाव. तिथल्या बाजाराच्या दिवशी त्यांनी हा प्रयोग लावला आणि सरपंचांना प्रमुख पाहुणे म्हणून बसवलं. झडपा बंद झाल्या, धूर दमू लागला, मामांनी विचारलं, "इझली का?" सरपंचांना वाटलं, प्रमुख पाहुण्याने काही तरी केलं पाहिजे. त्यांनी पुढे होऊन, 'इझली' म्हणत, स्वतःच्या हाताने झडप उघडली आणि आत डोकावून पाहिलं.

सरपंचांच्या मिशा नामांकित होत्या. होत्या असंच म्हणावं लागतं. मामा शांतपणे लोकांकडे वळून म्हणाले, "समजलं?" पुढे मेडशीत मामांची सभा कधी झाली नाही, पण तिकडच्या माणसांना आगीचं दार आठवतं. सरपंचांना तर नक्कीच आठवतं.

मामा आपल्या पुतण्यासाठी केनवडला मुलगी पाहायला गेले, तेव्हा मी सोबत होतो. पोहे झाले, चहा झाला. मामांनी उदबत्ती मागितली. मुलीकडच्यांना वाटलं, वराकडच्या मंडळींत कोणी जाणता माणूस दिसतो. मुलीच्या बापाने नारळही आणून ठेवला. मामांनी घरभर धूर फिरवून पाहिला, कुठे वळतो, कुठे रेंगाळतो, ते बघितलं, आणि मुलगी येऊन बसताच एकच प्रश्न विचारला.

"बाई, रातच्याले स्वयंपाकघराचं दार लोटून झोपता का उघडं ठेवता?"

"लोटून," मुलगी म्हणाली.

"पसंत!" मामा उठून उभेच राहिले. पुतण्याने अजून मान वर करून पाहिलं नव्हतं. लग्न झालं, संसार छान चालला आहे. त्या मुलीने पुढे कधी तरी सांगितलं, की दार लावायचं ते मांजर दूध पिते म्हणून. हे मामांना सांगायची कोणाची हिंमत झाली नाही.

मामांचा हा हट्ट ज्या एका माणसाला रोज सोसावा लागला, ती म्हणजे पंचफुला मामी. मामींना आयुष्यात एकच गोष्ट हवी होती. स्वयंपाकघराला खिडकी.

त्यांचं घर म्हणजे एकामागे एक तीन खोल्या. शेवटच्या खोलीत स्वयंपाक, आणि तिला खिडकी नाही. बायका दागिने मागतात, शिर्डीला न्या म्हणतात. मामी लग्न करून आल्यापासून भिंतीकडे बोट दाखवून म्हणत, "इथं एक भोक पाडून द्या जी. मले दुसरं काई नोको." आणि मामा म्हणत, "समोर दार, मागं खिडकी. मंग आगीले पत्रिकाच पाठव ना!" मामी म्हणायच्या, "आग काई येत नाही तुमची. मी रोज मरून राह्यली त्याचं काय?" यावर मामा खर्रा थुंकायला बाहेर जात. बाहेर जातानाही दार लावून जात.

मामी काही बिचाऱ्या वगैरे नव्हत्या. भांडण झालं, की त्या स्वयंपाकघराचं दार लावून तव्यावर लाल मिरच्या भाजायच्या, आणि ठसका चांगला मुरला की दार सताड उघडायच्या. एकदा मी आणि आमच्या कार्यालयातले एक गृहस्थ त्या वेळी बैठकीत होतो. मामांचे डोळे लाल झाले, नाक वाहू लागलं, पण आब ढळला नाही. "धूर वरून चालते. खाली बसा," ते म्हणाले आणि स्वतः फरशीवर बसले. मग आम्हीही बसलो. पुढे 'झोपा' म्हणाले. आम्ही झोपलो. मामी चहा घेऊन आल्या, तेव्हा तीन पुरुष फरशीवर पालथे पडून महागाईवर बोलत होते.

मामा निवृत्त झाले आणि त्यांच्या ताब्यात उरली ती फक्त आमची गल्ली. त्याच्या दुसऱ्या उन्हाळ्यातली ही गोष्ट.

गल्लीच्या टोकाला राऊतांचं घर. भाव येईल म्हणून त्यांनी त्या वर्षीचा कापूस पुढच्या खोलीत आढ्यापर्यंत भरून ठेवला होता. आमच्याकडे ही रीतच आहे. माणसं अंगणात झोपतील, पण कापूस घरात. मामा येता-जाता त्या खोलीकडे पाहून नुसते सुस्कारा टाकत. त्या दुपारी राऊतबाईंकडे कुरडया होत्या आणि मामी मदतीला गेलेल्या. राऊतबाई बाहेरच्या जिन्याने गच्चीवर कुरडया घालत होत्या, मामी खाली स्वयंपाकघरात एकट्या चीक घाटत बसलेल्या. पुढच्या खोलीत कुठे तरी वायर जळाली आणि कापूस धुमसू लागला. घराला मागचं दार नाही. बाहेर यायचं तर त्याच कापसाच्या खोलीतून.

आरडाओरडा ऐकून मी धावलो तेव्हा राऊतांच्या थोरल्याने पुढचं दार सताड उघडलं होतं. दाराच्या वरच्या अर्ध्यातून काळा धूर लोटत होता, खालून हवा आत ओढली जात होती, हे मला चक्क दिसलं. धुराच्या पोटात लाल जीभ हलली. तेवढ्यात गंजिफ्रॉक आणि पट्ट्यापट्ट्यांच्या चड्डीवर मामा धावत आले, थोरल्याला बाजूला ढकललं आणि दार धाडकन लावून घेतलं.

"मामा, मामी आत हायेत!" सगळी गल्ली ओरडली.

"म्हनूनच!" मामा म्हणाले. त्यांचा चेहरा पांढराफटक पडला होता. त्या चेहऱ्यावर भीती मी तोवर पाहिली नव्हती.

आता लोकांचं काय चुकलं? माणूस आत गुदमरतंय आणि तिचाच नवरा दार लावून उभा. शिव्या सुरू झाल्या. म्हाताऱ्या राऊतांनी काठी उगारली. आणि मग आमच्या गल्लीने, आमच्याच गल्लीला सुचेल, असा उपाय काढला. आमच्याकडे उन्हाळ्यात पाहुणा आला तरी कुलर, कोणाला चक्कर आली तरी कुलर, नवराबायकोचं बिनसलं तरी कुलर. समोरच्या घरातल्या चौघांनी आपला भलामोठा कुलर स्टँडसकट ढकलत आणला, लांब वायर लावली आणि धूर पलीकडे काढून टाकू म्हणून तो थेट राऊतांच्या दाराकडे रोखला.

मामांनी तो कुलर पाहिला आणि असा आवाज काढला, की शिव्या देणारे गप्प झाले. त्यांनी वायर उपसून काढली. "अबे, तिले पंखा घालता? पाहुनी हाय का ते? यातलं पाणी ठेवा, पंखा फेका!" मग माझ्याकडे वळले. "बाबूसायेब, कडी धरा. कोनी बी येवो, तुमचा कलेक्टर येवो, पाणी आल्याबिगर उघडू नोका." आणि कोणाच्या तरी अंगणातली सब्बल, म्हणजे लोखंडी पहार, उचलून ते घरामागच्या बोळीत पळाले.

मी रुमाल गुंडाळून कडी धरून उभा राहिलो. कडी तापत होती. उभ्या जन्मात मला एवढ्या शिव्या कोणी दिल्या नाहीत. मला स्वतःलाही कळत नव्हतं, मी एका बाईला वाचवतोय की मारतोय.

मागची हकिगत मामींनी पुढे इतक्यांदा सांगितली, की गल्लीतल्या कोणालाही ती पाठ आहे. राऊतांच्या स्वयंपाकघराला मागे खिडकी होती, लाकडी चौकटीत लोखंडी गज बसवलेली. मामी तिथे तोंड लावून उभ्या होत्या. मामा आले. हातात सब्बल. पण खिडकीला हात लावायच्या आधी त्यांनी विचारलं,

"पंचे, मधलं दार लोटलं का?"

"लोटलं!" आतून मामी ओरडल्या. "जल्मभर तेच तर केलं!"

"खालच्या फटीत काई कोंबलं का?"

"चीक!"

"कायचा चीक?"

"कुरड्याचा! सारा घंगाळभर चीक थापला दाराले. तोडता का आता, का नाव विचारता?"

मग मामांनी सब्बल घातली. चौकट उपसली, गज वाकवले आणि मामींना बाहेर ओढलं. मामी बोळीत उभ्या राहिल्या. कोपरापर्यंत चीक, डोक्यावर काजळी, पदर फाटलेला. मामांनी त्यांचा हात घट्ट धरला होता. गल्लीतले पाचसहाजण तोवर तिथे पोचले होते, त्यांनी हे कानांनी ऐकलं. मामींचं पहिलं वाक्य होतं,

"पाह्यलं? खिडकी होती म्हनून निंघाली. आपल्या घरी असती तं?"

मामा खर्रा थुंकायलाही गेले नाहीत. तिथेच बोळीत, नालीच्या काठावर बसले आणि लहान लेकरासारखे रडले.

फोन गेला तेव्हा बंब एका बड्या माणसाच्या रस्त्यावर पाणी मारत होता, तिथूनच तो आला, त्यामुळे टाकी अर्धीच होती. पोरांनी पाइप जोडला. मामा पुढे येऊन, डोळे पुसत, मला म्हणाले, "पाणी आलं. आता सोडा कडी." दार वीतभर उघडलं, खालून पाणी आत गेलं, मग दार पूर्ण, मग धुराला जायला बाजूचा झरोका फोडला. बैठकीत काही उरलं नाही. कापूस दुसऱ्या दिवशीपर्यंत आतल्या आत धुमसत होता. पण मधल्या दाराच्या पलीकडे, स्वयंपाकघरात, चुलीवरचं फडकंसुद्धा पांढरं होतं. दारावर मात्र चिकाची एक जाड कुरडई भाजून कायमची चिकटली. राऊत ती येणाऱ्या प्रत्येकाला दाखवतात. ज्या काठीने मामांना मारायला निघाले होते, तिनेच.

दुसऱ्या दिवशी सकाळी मला शेजारून ठाकठूक ऐकू आली. मामा स्वतः भिंत फोडत होते. खिडकी काढली त्यांनी, पण दाराच्या रेषेत नाही. बाजूच्या भिंतीत, आडवळणाने, आणि तिला जाड फळीची झडप. त्यामुळे त्या खिडकीतून दिसायचं काय, तर आमची पाण्याची टाकी. मामी रोज दुपारी तिथे पाट घेऊन बसत आणि आमच्या टाकीकडे असं पाहत, की आम्हालाच वाटायला लागलं, तिला रंग द्यावा. आम्ही दिलाही. निळा. माझ्या बायकोनेच सुचवलं.

आग लागली तेव्हा रुमाल नाकाला बांधून, नाहीतर गावोगाव डबा पेटवून, आयुष्यभर धूर गिळलेला माणूस. फुप्फुसं किती दिवस साथ देणार? दोन पावसाळ्यांनंतर मामांना दम लागायला लागला. आधी चालताना, मग बसल्या बसल्या. डॉक्टरांनी मोकळी हवा सांगितली. मामींनी त्यांची खाट स्वयंपाकघरात आणली आणि आपल्या खिडकीखाली लावली. झडप उघडी. मामांनी विरोध केला नाही. फक्त मी गेलो, की खुणेने विचारायचे, पुढचं दार लावलं ना? मी म्हणायचो, लावलं, कडीही ओढून पाहिली.

शेवटचा गेलो तेव्हा दिवस कलला होता. मी सवयीने दार लोटलं, कडी ओढून पाहिली आणि आत जाऊन खाटेजवळ बसलो. मामा फार वाळले होते. श्वास त्या तेलाच्या डब्यातल्या धुरासारखा आतबाहेर होत होता. ते मला पाहून हसले. जळकी मिशी थोडी हलली. मामी भाजी निवडत होत्या. मामांनी हात उचलला, तशा त्या उठल्या, चमच्याने त्यांच्या तोंडात पाणी घातलं. त्यांनी ते सावकाश गिळलं. ओठ पुसून घेतले. मग माझ्याकडे पाहून म्हणाले,

"बाबूसायेब, आता उघडा दार."

मी मामींकडे पाहिलं.

"पाणी झालं ना आता?" मामा म्हणाले. "मंग?"

मी उठलो. पुढचं दार उघडलं, मधली दोन्ही उघडली. सगळी सताड. बाहेर वारं होतं. ते बैठकीतून आलं, मधल्या खोलीतून गेलं आणि स्वयंपाकघरात शिरलं. भिंतीवरचं कॅलेंडर फडफडलं. देवापुढे उदबत्ती लावलेली होती, तिचा धूर आधी गोंधळला, मग सरळ झाला आणि खिडकीतून आमच्या निळ्या टाकीवरून बाहेर गेला. मामांनी एक बोट उचलून तो मला दाखवला.

"पाहा," ते म्हणाले. "रस्ता."

मामी खाली बसून पुन्हा भाजी निवडू लागल्या, पण त्यांना दिसत नव्हतं. मलाही दिसत नव्हतं. थोड्या वेळाने मी निघालो. उंबऱ्याबाहेर आल्यावर माझा हात आपोआप कडीकडे गेला. मी तो मागे घेतला आणि दार तसंच राहू दिलं.